प्रकल्प नोंदी: मावळातल्या तीन चैत्यगृहांच्या ओसऱ्या

११ ऑक्टोबर

काम पक्कं झालं. फेब्रुवारीत वाचनालयाच्या सभागृहात मावळातल्या लेण्यांवर प्रदर्शन भरणार आहे. त्यासाठी भाजे, बेडसे आणि कार्ले या तीन चैत्यगृहांची, म्हणजे स्तूप असलेल्या प्रार्थनेच्या लेण्यांची, मॉडेल माझ्याकडे आली आहेत. पूर्ण लेणं करायचं नाही, दर्शनी भाग तेवढा करायचा: पुढचं अंगण, ओसरी, दारांची भिंत आणि आत पाऊल टाकल्यावर दिसणारे पहिले काही खांब. समितीत एक-दोघांनी विचारलं, स्तूपच नसेल तर लोक बघणार काय? स्तूप असेल, पण दारातून डोकावल्यावर जेवढा दिसतो तेवढाच.

आग्रह माझाच आहे. लेणी बघायला आलेला माणूस ओसरी ओलांडून सरळ आत जातो, मान वर करून छत बघतो, स्तूपाला फेरी घालतो आणि परततो. कार्ल्याच्या ओसरीत उभी राहून मी हे कितीतरी वेळा पाहिलं आहे. त्या साडेचार मीटर खोल पट्ट्यात दोन हजार वर्षांपूर्वीच्या माणसांची नावं, गावं आणि धंदे कोरलेले आहेत. कुणी दार दिलं, कुणी हत्ती दिले, कुठल्या गावचं उत्पन्न भिक्षूंना लावून दिलं, सगळं तिथे लिहिलेलं आहे. ते लोकांना वाचता यावं, एवढ्यासाठी हा खटाटोप. कार्ल्याच्या मॉडेलमध्ये ज्याने जो भाग दिला त्या भागाला त्याचा रंग द्यायचा विचार आहे.

प्रमाण १:५० ठरवलं. कार्ल्याची ओसरी साधारण १६ मीटर रुंद, म्हणजे मॉडेलमध्ये ३२ सेंमी, आणि खोली ९ सेंमी. याहून लहान केलं तर नक्षीच्या पट्ट्या रंगवता येणार नाहीत. मोठं केलं तर वाचनालयाच्या टेबलावर तिन्ही शेजारी मावणार नाहीत, आणि तिन्ही शेजारी दिसणं गरजेचं आहे.

१८ ऑक्टोबर, भाजे

सुतारकाकांना सोबत घेऊन गेले. लाकूडकाम तेच करणार आहेत, तेव्हा त्यांनी मूळ जागा बघितलेली बरी. मळवलीला उतरून चालत गेलो. पाऊस नुकता ओसरलाय, पायऱ्यांवर अजून शेवाळ आहे.

भाज्याचं चैत्यगृह इ.स.पू. २ऱ्या शतकातलं. आज ते समोरून सताड उघडं दिसतं: पिंपळपानाच्या आकाराची प्रचंड कमान आणि तिच्यातून थेट दिसणारा स्तूप. फोटोत हे फार देखणं दिसतं, म्हणून बहुतेकांना ते असंच घडवलंय असं वाटतं. पण पुढचा सगळा पडदा लाकडाचा होता, आणि तो गेला. दार लाकडाचं, दाराची भिंत लाकडाची, कमानीतली जाळी लाकडाची.

काकांनी वर पाहिलंच नाही, आधी जमीन बघितली. दगडात चौकोनी खाचा आहेत, त्यांत बोट घालून खोली चाचपली आणि म्हणाले, "ताई, इथं खांब उभे केलेले. खालचं टोक बारीक करून बसवलंय, आणि हलू नये म्हणून पाचर ठोकली असणार." मग कमानीच्या कडेने ओळीने गेलेली भोकं दाखवली. ती खुंट्यांची. जाळीची चौकट दगडाला खुंट्यांनी धरून ठेवलेली होती. मी या खाचा कितीदा पाहिल्या आहेत, मापंही घेतली आहेत, पण कुठला जोड आधी बसवावा लागेल आणि कुठला शेवटी, हे त्यांनी तिथे उभ्याउभ्या सांगितलं.

आतले खांब पाहून मात्र ते गप्प झाले. २७ अष्टकोनी खांब, आणि दोन्ही बाजूंचे आतल्या अंगाला झुकलेले. दगडात कोरलेल्या खांबाला झुकायचं काही कारण नाही, डोंगर काही अंगावर येत नाही. लाकडी इमारतीत मात्र कमानी छताचा रेटा खांबांना बाहेर ढकलतो, म्हणून ते आत कललेले उभे करायचे. कारागिरांचा हात लाकडावर बसलेला होता आणि दगडातही तो तसाच चालला. छताला अजूनही सागाच्या वाकवलेल्या फासळ्या आहेत आणि त्यांतल्या काहींवर ब्राह्मी अक्षरं सापडली आहेत. एवढं जुनं लाकूडकाम जागेवर टिकलेलं आपल्याकडे दुसरीकडे क्वचितच दिसेल.

ट्रायपॉडला पुरातत्त्व खात्याची परवानगी लागते, त्यामुळे फोटो हातानेच काढले. कमानीच्या दोन्ही अंगांना छोट्या सज्ज्यांतून डोकावणाऱ्या जोड्या आहेत, त्यांचे वेगळे फोटो घेतले.

१९ ऑक्टोबर

भाज्याचा गेलेला पडदा मॉडेलमध्ये दाखवायचा की नाही? काका म्हणतात दाखवा, खाचा आहेत म्हणजे खांब होते. मलाही ते पटतं. पण खांब कुठे उभे होते ते खाचांवरून कळतं, दाराची चौकट कशी सजवलेली होती ते कळत नाही. निर्णय असा: खांब आणि आडव्या तुळया सागाच्या पातळ पट्ट्यांच्या, अगदी साध्या. दारावर काहीही कोरायचं नाही. आणि पडदा सुटा ठेवायचा, म्हणजे बघणाऱ्याला तो काढून पुन्हा बसवता येईल. पडदा लावला की आतला काळोख किती वाढतो हे मुलांनी स्वतः करून पाहावं.

दगडात लाकूड उतरवण्याची ही खोड आपल्या सह्याद्रीतच सुरू झालेली नाही. बिहारमध्ये बराबरच्या टेकड्यांत लोमश ऋषी गुंफेचं दार मौर्य काळातलं, इ.स.पू. ३ऱ्या शतकाचं. वाकवलेल्या वाशांची टोकं, जाळी, सगळं ग्रॅनाइटमध्ये, आणि कमानीखाली स्तूपाकडे निघालेल्या हत्तींची रांग. तिथे दारातून आधी एका आयताकृती दालनात जायचं आणि त्याच्या टोकाला गोल खोली. पवित्र जागेच्या आधी एक थांबायची जागा हवी, ही गरज तेव्हापासून दगडात दिसते. फलकावर लोमश ऋषीचं एक छोटं रेखाचित्र टाकेन, त्याहून जास्त नको.

१ नोव्हेंबर, बेडसे

पहाटेच निघालो, कारण बेडशाचं तोंड पूर्वेला आहे. कार्ले-भाजे पश्चिमेकडे बघतात, त्यांना दुपारनंतर ऊन मिळतं. इथे सकाळीच जावं लागतं. कामशेतहून पवनेच्या बाजूला, गावातून पायऱ्या चढून वर. आम्ही पोचलो तेव्हा दुसरं कुणीही नव्हतं.

मला तिन्हींत सगळ्यात जास्त ही ओसरी आवडते. खालून लेणं दिसतच नाही. समोर डोंगराचा मोठा भाग तसाच सोडलेला आहे आणि त्यातून एक अरुंद वाट आत जाते. दोन्ही बाजूंना अंगावर येणारा दगड. त्या वाटेने चालताना समोरचे खांब एकदम न दिसता टप्प्याटप्प्याने उलगडतात. दर्शनी दगड पूर्ण कापून का टाकला नाही, यावर लोक नाना तर्क लढवतात. मी एवढंच लिहिते की चालणाऱ्याला याचा फार मोठा अनुभव येतो, आणि मॉडेलमध्ये हा दगड गाळायचा नाही. गाळला तर बेडसे इतर लेण्यांसारखंच दिसेल.

ओसरीत दोन पूर्ण खांब आणि कडेला भिंतीला लागून दोन अर्धे. उंची सुमारे २५ फूट. मी खालून वर अशी एका खांबाची नोंद केली: पायऱ्यांची चौकोनी बैठक, तिच्यावर गोल घट, घटातून उगवल्यासारखा अष्टकोनी खांब, वर पाकळ्या खाली वळलेलं घंटेच्या आकाराचं कमळ, त्यावर चौकटीत बसवलेला आवळ्यासारखा कंगोऱ्यांचा गड्डा, मग उलट्या पायऱ्यांसारखे थर, आणि सगळ्यात वर पाठीला पाठ लावून बसलेली जनावरं. घोडे, हत्ती, बैल. त्यांच्यावर स्त्री-पुरुषांच्या जोड्या बसल्या आहेत. साडेसातच्या सुमारास ऊन वाटेतून आत शिरलं आणि डावीकडच्या घोड्याच्या आयाळीचे केस वेगळे मोजता येतील इतके स्पष्ट झाले. त्याच्यावरच्या बाईच्या हातातल्या बांगड्या कोपरापर्यंत आहेत. पुरुषाचा एक हात घोड्याच्या मानेवर सैल पडलाय, जसा रोज घोड्यावर बसणाऱ्याचा पडतो. हे जमिनीपासून एवढ्या उंचीवर आहे. खालून कुणाला बांगड्या दिसणार होत्या? तरी कोरल्या, आणि घाई न करता कोरल्या.

भाजे ते बेडसे हा प्रवास फार तर शे-सव्वाशे वर्षांचा. पण तेवढ्यात ओसरी लाकडातून दगडात आली. दाराची भिंत आता खडकातच सोडली आहे, पुढे खांबांची रांग आहे आणि मध्ये खरी ओसरी तयार झाली आहे. भाज्याला आत आणि बाहेर यांत एका लाकडी पडद्याचं अंतर होतं. इथे उभं राहायला, थांबायला, बसायला जागा आहे. भिंतींवर वेदिकेच्या, म्हणजे कठड्याच्या, आणि चैत्यकमानींच्या, म्हणजे छोट्या पिंपळपानी कमानींच्या, पट्ट्या थरावर थर रचल्या आहेत, जणू एखाद्या शहरातल्या माड्या.

ओसरीच्या टोकाला भिक्षूंसाठी खोल्या आहेत. त्यांपैकी एकीच्या दारावर एका ओळीचा लेख आहे: नाशिकच्या आनंद श्रेष्ठीचा मुलगा पुष्यणक याचं दान. नाशिकच्या व्यापाऱ्याच्या मुलाने पवन मावळात येऊन दान दिलं. खोलीच्या दारावर आपलं, बापाचं आणि गावाचं नाव, बस.

८ नोव्हेंबर

बेडशाचे खांब वळवायला घेतले. काकांनी अष्टकोन आखायची युक्ती शिकवली, ती इथे लिहून ठेवते. चौकोनी ठोकळा घ्यायचा. त्याच्या एका बाजूवर पट्टी अशी तिरकी ठेवायची की पट्टीवरचे बरोबर २४ सूत (एक सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग) दोन्ही कडांच्या मध्ये बसतील. मग ७ सुतांवर एक खूण आणि १७ सुतांवर दुसरी. म्हणजे सात, दहा, सात. चारही बाजूंवर खुणा करून लांबीभर रेघा ओढायच्या आणि कोपरे रंध्याने त्या रेघांपर्यंत उतरवायचे. आठही बाजू सारख्या येतात. ठोकळा कितीही जाड असो, पट्टी तिरकी-सरळ करून तेच आकडे चालतात. हिशेबाने पाहिलं तर २४ ला ७.०३ यायला हवेत. आपल्या कामाला हा फरक काहीच नाही.

घट आणि घंटाकमळ लेथवर. जनावरं मी शाडूत करते आहे.

१५ नोव्हेंबर, कार्ले

दुपारी दोनला वर पोचले. एकवीरेच्या दर्शनाची रांग नेहमीसारखी. नारळ, हार, गुलाल, रांगेत कोळी बायांचा मोठा घोळका. देवीचं देऊळ लेण्याच्या अगदी दारात उजव्या हाताला आहे. डाव्या हाताला सिंहस्तंभ, सोळा बाजूंचा, वर चार सिंह. त्याच्यावर लेख आहे: गोतीपुत्र महारठी (ही त्या काळच्या सरदारांची पदवी) अग्निमित्रणक याने हा सिंहस्तंभ दिला. उजवीकडे, आता देऊळ आहे तिथे, जोडीचा दुसरा स्तंभ असावा असं मानतात. मॉडेलमध्ये देऊळ घालायचं हे मी आधीच ठरवलं होतं, आज खात्री पटली. या दारात लोक अजूनही येतात आणि देवाला काही ना काही देतात. देऊळ पुसून 'मूळ' दर्शनी भाग दाखवण्यात मला काही हशील वाटत नाही.

स्तंभाच्या मागे दगडी पडदा. खाली दोन जाड अष्टकोनी खांब, त्यांना घट नाही की कमळ नाही. वर खडकाचा सपाट पट्टा, आणि त्याच्या वर चार बुटक्या खांबांची उघडी रांग. सपाट पट्ट्यावर भोकं आहेत, तिथे लाकडी सज्जा असणार. म्हणजे इ.स. १ल्या शतकात, एवढं मोठं लेणं दगडात उतरवल्यावरही, लाकूड सुटलं नाही. वरच्या कमानीतल्या सागाच्या फासळ्या तर अजून जागेवर आहेत.

या पडद्यामुळे उजेडाचं काय होतं, ते अनुभवावं. ओसरीत खालून मोजकाच उजेड येतो. वरच्या बुटक्या खांबांमधून आलेलं ऊन मात्र मोठ्या कमानीतून तिरकं आत उतरतं. दारातून आत गेलेला माणूस दारावरच्या सज्ज्याखालच्या सावलीत उभा असतो आणि लांबवर स्तूप उजळलेला दिसतो. आत ३७.८७ मीटर लांब सभागृह, दोन्ही बाजूंना १५-१५ खांब आणि स्तूपामागे ७ साधे. आज साडेचारच्या सुमाराला ऊन स्तूपाच्या अंगावर होतं. ओसरीत ज्यांचे डोळे आधी सावलीला सरावले, त्यांना आतला उजेड उजेड वाटतो. ओसरीचं हे काम नकाशात दिसत नाही.

मग भिंती. दोन्ही टोकांना तीन-तीन हत्ती, जवळपास खऱ्या मापाचे, भिंतीतून पुढे आलेले. त्यांच्या वर वेदिका, त्यावर चैत्यकमानींचे मजले, पुन्हा वेदिका, थेट छतापर्यंत. दारांच्या बाजूंना स्त्री-पुरुषांच्या जोड्या. यांना कुणी राजा-राणी म्हणतं, कुणी दाते म्हणतं. मला त्यांच्या उभं राहण्यात ओळखीची सहजता दिसते: एकमेकांच्या खांद्यावर टाकलेले हात, बाईच्या पायातले जड वाळे, पुरुषाच्या डोक्यावरचं घट्ट बांधलेलं पागोटं.

लेख पुन्हा एकेक करून जागेवर तपासले. ओसरीत तिरप्या उन्हात अक्षरं चांगली उठतात, यासाठीही दुपारच बरी.

१६ नोव्हेंबर

रंगांची यादी. नियम एकच ठेवलाय: लेख ज्या भागावर किंवा ज्या भागाबद्दल आहे, तेवढाच भाग रंगवायचा. बाकी सगळं दगडाच्या रंगाचं.

धेनुकाकट या गावचा गंधिक, म्हणजे अत्तरं-सुगंधी द्रव्यं विकणारा सिंहदत्त: त्याने दार दिलं. त्याच धेनुकाकटचा सुतार सामी, वेणुवासाचा मुलगा: त्यानेही दाराचं काम केल्याचं कोरलंय. स्थविर, म्हणजे ज्येष्ठ भिक्षू, इंद्रदेव: उजव्या अंगाचे हत्ती आणि हत्तींच्या वरची-खालची वेदिका. भदसम नावाचा भिक्षू: एक मिथुन, म्हणजे जोडी. कोडी नावाची भिक्षुणी, घुणिकाची आई: वेदिकेचा एक तुकडा, आणि तो नंदिकाने घडवला असंही पुढे लिहिलंय. अग्निमित्रणक: सिंहस्तंभ.

हे वाचताना मी दरवेळी थांबते. ज्यांनी घर सोडलं, त्या भिक्षू-भिक्षुणींनी दान दिलंय. आणि कोडीच्या दानात ती कुणाची आई हे सांगितलंय. मुलाचं नाव तिने सोडलं नाही.

काकांना सामी सुताराबद्दल सांगितलं तेव्हा रंधा खाली ठेवून त्यांनी नाव पुन्हा विचारलं. मग म्हणाले, "सुतारानं दगडात काम केलंय, तरी सुतारच म्हणवून घेतलंय." त्यांनी सामीसाठी सागवानी तपकिरी रंग निवडलाय, तो मी बदलणार नाही.

अडचण भूतपालाची. वैजयंतीचा श्रेष्ठी भूतपाल याचा लेख ओसरीच्या डाव्या अंगाला आहे: हे शैलगृह (दगडातलं घर), जंबुद्वीपात, म्हणजे अख्ख्या भारतात, उत्तम असं, त्याने पूर्ण केलं. वैजयंती म्हणजे कर्नाटकातलं बनवासी. आता सगळं शैलगृह त्याचं म्हणावं, तर बाकीच्यांचे रंग कुठे जातात? आतल्या खांबांवरही वेगवेगळ्या लोकांची नावं आहेत, त्यांत यवन, म्हणजे ग्रीक म्हणवले जाणारे, सुद्धा आहेत, सोपाऱ्याचाही एक दाता आहे. माझं मत असं की काम बरीच वर्षं चाललं, पैसा अनेकांनी ओतला आणि शेवटची मोठी जबाबदारी भूतपालाने उचलली. तेव्हा त्याचा रंग मॉडेलच्या तळाच्या कडेला सलग फिरवायचा. भिंतीवरची जागा ज्यांची त्यांना.

राजांचे लेख वेगळ्या प्रकारचे आहेत. क्षत्रप राजा नहपान याचा जावई उषवदात याने करजिक गाव वलूरकच्या लेण्यांत राहणाऱ्या भिक्षूंच्या निर्वाहासाठी दिलं. वलूरक हे या जागेचं जुनं नाव. पुढे नहपानाचा पाडाव झाल्यावर सातवाहनांचा हुकूम त्याच गावाबद्दल आला, तो मामाडच्या अमात्याला उद्देशून आहे. मामाड म्हणजेच मावळ असं मानतात. नंतर सातवाहन राजा वासिष्ठीपुत्र पुळुमावीच्या राजवटीच्या ७व्या वर्षी महारठी सोमदेवाने आणखी एक गाव दिल्याची नोंद. राज्य बदललं, पण सनद त्याच ओसरीत लागली. यांना रंग द्यायचा नाही, कारण यांनी भिंतीचा कुठला भाग दिलेला नाही. लेखांच्या जागी बारीक पांढऱ्या पट्ट्या लावते.

२९ नोव्हेंबर

बुद्धमूर्तींचा प्रश्न सोडवला. पहिल्या शतकात इथे मानवी रूपातला बुद्ध कोरलेला नव्हता. आज दारांच्या मध्ये आणि हत्तींच्या वर ज्या बुद्धमूर्ती दिसतात त्या ५व्या-६व्या शतकांतल्या. जागा नव्हती, म्हणून जुनी नक्षी छाटून बसवल्या आहेत. एके ठिकाणी वेदिकेची आडवी पट्टी चालत येते आणि मूर्तीच्या चौकटीपाशी मध्येच तुटते, पलीकडे पुन्हा सुरू होते. पट्टीची टोकं हाताने चाचपावीत इतकी जवळ आहेत, आणि छिन्नीची धार कुठून उतरली ते कळतं.

प्रदर्शन समितीतून सूचना आली की मूळ रचना स्पष्ट दिसण्यासाठी या मूर्ती गाळाव्यात. गाळणार नाही. पाचशे वर्षांनंतरच्या लोकांनाही आपलं दान याच भिंतीवर हवं होतं, आतल्या रिकाम्या भिंतींवर नको होतं. या मूर्ती शाडूत करून पातळ राखाडी हात द्यायचा. वेदिका जिथे तुटते तिथे तुटलेलीच दाखवायची.

कान्हेरीला हेच जास्त ठळक आहे. तिथलं ३ क्रमांकाचं चैत्यगृह कार्ल्याचा आराखडा घेऊन २ऱ्या शतकाच्या अखेरीला सातवाहन राजा यज्ञ सातकर्णीच्या काळात खोदलं. नंतर ओसरीच्या दोन्ही टोकांना सुमारे ७ मीटर उंचीचे उभे बुद्ध आले. कार्ल्याला जिथे हत्ती आहेत, तिथे.

१३ डिसेंबर

पूरक फलकांचा मजकूर. इतर लेण्यांमधून दर्शनी भागाच्या दानांची उदाहरणं काढली.

जुन्नर, मानमोडी: भूतलेण्याच्या दर्शनी कमानीवर कमळांमध्ये गजलक्ष्मी कोरली आहे, आणि हा दर्शनी भाग चंद नावाच्या यवनाने दिल्याचा लेख आहे. आतलं काम मात्र अर्धवटच राहिलं. खोदाई पुढून आणि वरून सुरू होते, म्हणून आधी पैसे देणाऱ्याचा भाग पुरा झाला. जुन्नरलाच तुळजा लेण्यांत १२ खांबांचं गोल चैत्यगृह आहे, त्याचा दर्शनी भाग कोसळून गेला. त्याला कुणी काय दिलं होतं ते आता कळायचं नाही.

नाशिक, पांडवलेणी, क्र. १८: दारावरचा लेख सांगतो की हे धंबिक गावाचं दान. अख्ख्या गावाने मिळून. मला हा फलक सगळ्यात मोठ्या अक्षरांत हवा आहे, कारण गावाच्या वर्गणीतून देऊळ उभं करणं आपल्या प्रत्येक वाडीला माहीत आहे, आणि इथे त्याची दोन हजार वर्षांपूर्वीची पावती आहे.

नाशिक, क्र. ३: ओसरीचा भार खांद्यांवर पेलणारे यक्ष, आणि सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीची आई गौतमी बलश्री हिचा लेख, पुळुमावीच्या १९व्या वर्षातला. मुलाच्या पराक्रमाचं वर्णन आईने केलं आहे.

नाशिक, क्र. १०: उषवदाताने ३००० कार्षापण (त्या काळची नाणी) विणकरांच्या श्रेणींकडे, म्हणजे व्यावसायिक संघांकडे, ठेवले. २००० दरमहा शेकडा एक दराने, १००० दरमहा शेकडा पाऊण दराने. मुद्दल काढायचं नाही, व्याजातून वर्षावासात, म्हणजे पावसाळ्याच्या मुक्कामात, राहणाऱ्या भिक्षूंना कापड आणि इतर खर्च. आणि हे सगळं निगमसभेत, म्हणजे नगराच्या सभेत, वाचून दाखवून फलकावर नोंदवलं, असंही लेखात आहे. नोंद गावात ठेवली आणि तिची प्रत दगडावर, ज्यांच्यासाठी पैसे आहेत त्यांच्या ओसरीत.

२७ डिसेंबर

अंबरनाथचं देऊळ घ्यावं का, असं एकाने सुचवलं. जाऊन आले. १०६० सालचं, शक ९८२, शिलाहार राजा मम्वाणीच्या काळातलं. मंडपाला तीन बाजूंनी मुखमंडप, मग अंतराळ, म्हणजे गाभाऱ्यापुढचं छोटं दालन, आणि तिथून पायऱ्या उतरून खाली गाभारा. उजेड पायरीपायरीने कमी होत जातो. लेखही उत्तरेच्या मुखमंडपाच्या तुळईवरच आहे. पण तिथली रचना वेगळी, कथा वेगळी. या प्रदर्शनात ते घुसडणं दोन्हींवर अन्याय होईल. पुढच्या वर्षी सिन्नरचं गोंदेश्वर आणि अंबरनाथ एकत्र घेता येईल.

११ जानेवारी

तिन्ही मॉडेल उभी आहेत. रात्री दिवे बंद करून टॉर्चने उजेड पाहिला. भाज्याला पडदा काढला की आत लख्ख, लावला की फक्त कमानीच्या जाळीतून येणारा कवडसा. बेडशाला टॉर्च वाटेच्या तोंडाशी धरल्यावर उजेड खांबांच्या पायाशी अडतो, थोडा वर उचलला की घोड्यांवर जातो. कार्ल्याला दगडी पडदा सुटा केलाय. तो नसताना दारांची भिंत, जोड्या, हत्ती, सगळं एकसारखं उजळतं आणि आतला स्तूप मागे पडतो. पडदा बसवला की ओसरी मावळते आणि वरचा उजेड स्तूपावर जातो. शाळेच्या मुलांच्या हातात टॉर्च द्यायचा. पुट्ठ्याची माणसं १:५० ने ३.३ सेंमी, ती ओसरीत उभी करायची म्हणजे हत्तींची उंची कळेल.

२४ जानेवारी

समजावून सांगायला कोण उभं राहणार, यावर बैठक झाली. नुसत्या फलकांवर भागणार नाही असं मी म्हटलं आणि दिव्यावदान या बौद्ध कथासंग्रहातली गोष्ट सांगितली. विहाराच्या द्वारकोष्ठकात, म्हणजे प्रवेशाच्या दालनात, भवचक्र, म्हणजे जन्ममरणाच्या फेऱ्याचं चाक, रंगवावं, असं बुद्धांनी सांगितल्याचं त्यात आहे. आणि पुढे असंही, की येणाऱ्या-जाणाऱ्याला चित्राचा अर्थ सांगण्यासाठी तिथे एक भिक्षू नेमावा. अजिंठ्याला १७ क्रमांकाच्या लेण्यात ओसरीच्या डाव्या टोकाला भवचक्राचं चित्र आहे, बरंच झडलेलं, पण चाक ओळखू येतं. आत जाण्याआधी माणसाला थांबवायचं, चित्र दाखवायचं आणि त्याच्या प्रश्नांना उत्तर द्यायला जिवंत माणूस ठेवायचा, ही सोय तेव्हाच्या लोकांनी केली होती. समितीला पटलं. कॉलेजची मुलं पाळीपाळीने उभी राहतील. त्यांना एकदा कार्ल्याला नेऊन आणायचं, हे मी मागून घेतलं.

७ फेब्रुवारी

उद्या सकाळी टेम्पो. बेडसे आधी चढवायचं, कारण समोरच्या दगडामुळे ते सगळ्यात जड आहे. मग कार्ले, भाजे शेवटी. सुटे पडदे वेगळ्या खोक्यात, प्रत्येकावर नाव. सिंहस्तंभ काढता येतो, तो जुन्या साडीत गुंडाळलाय.

दात्यांच्या पाट्या टेबलाच्या कडेला, मुलांच्या डोळ्यांच्या उंचीवर. क्रम मानाप्रमाणे लावू नये, ओसरीत डावीकडून उजवीकडे चालताना जे नाव आधी भेटतं तसा लावावा. नाशिकच्या धंबिक गावाचा फलक दारातच. काकांनी मॉडेलच्या मागच्या फळीवर पटाशीने आपलं नाव कोरलंय, गावासकट. माझंही खाली कोरा म्हटलं, तर म्हणाले जागा सोडलीय.

राहिलेलं: कोडी भिक्षुणीच्या वेदिकेला जांभळ्याचा दुसरा हात, उजव्या टोकाच्या मधल्या हत्तीची सोंड पुन्हा चिकटवणे, टॉर्चसाठी जादा सेल.